भिलाईचे ‘नत्था’: ओंकारदास माणिकपुरी

‘पीपली लाइव्ह’ हा अनुषा रिझवी दिग्दर्शित चित्रपट १३ ऑगस्ट २०१० रोजी प्रदर्शित झाला, त्या वेळी त्यात नत्था या कर्जबाजारी शेतकऱ्याची भूमिका करणारे ओंकारदास माणिकपुरी हिंदी प्रेक्षकांना सर्वस्वी अपरिचित होते. छत्तीसगडमधील भिलाईचे हे कलावंत ज्येष्ठ रंगकर्मी हबीब तन्वीर यांच्या ‘नया थिएटर’मधून चित्रपटात आले. लहानशा भूमिकेसाठी चाचणी देण्यास गेलेल्या माणिकपुरी यांची निवड मुख्य भूमिकेसाठी झाली. चित्रपटाचे निर्माते आमीर खान यांनी ती भूमिका स्वतः करण्याचा विचार त्यानंतर सोडून दिला.

माणिकपुरी यांच्या अभिनयाचे मूळ ‘नाचा’ या छत्तीसगडी लोकनाट्यात आहे. नाचा रात्रभर चालतो. त्यातील ‘जोक्कड’ म्हणजे मराठी तमाशातील सोंगाड्याचाच भाऊबंद. ‘परी’ ही स्त्रीभूमिका परंपरेने पुरुष करतात. गाणे, नाचणे, हजरजबाबी संवाद आणि सावकार-अधिकाऱ्यांची यथेच्छ थट्टा ही या कलावंतांची शिदोरी होय. हिंदी संवाद देताच हे नट अवघडतात, स्वतःच्या बोलीत मात्र खुलतात, हे तन्वीर यांच्या ध्यानी आले आणि १९७३ च्या सुमारास त्यांनी नटांना छत्तीसगडीतच बोलू देण्याचे ठरविले. त्यांचे गाजलेले ‘चरणदास चोर’ हे नाटक भिलाईतील कार्यशाळेत आकाराला आले. सतनामी समाजाच्या मेळाव्यात, उघड्या मैदानावर त्याचे आरंभीचे रूप सादर झाले होते. या कथेवरील श्याम बेनेगल यांच्या १९७५ मधील चित्रपटात नाचाच्या कलावंतांसमवेत स्मिता पाटील यांनीही भूमिका केली. १९८२ मध्ये एडिंबरा येथील महोत्सवात या नाटकाला पुरस्कार मिळाला.

अशा बोलक्या परंपरेतून आलेल्या नटाला प्रसिद्धी मिळाली ती मात्र जवळजवळ मुक्या भूमिकेने. जमीन वाचविण्यासाठी, सरकारी भरपाईच्या आशेने आत्महत्या करण्याचे नत्था मान्य करतो आणि वृत्तवाहिन्या त्याच्या दारात तळ ठोकतात. सभोवती सारे बोलत असतात. नत्था तेवढा गप्प असतो. विदर्भातील शेतकऱ्यांच्या आत्महत्यांच्या बातम्या वर्षानुवर्षे वाचणाऱ्या मराठी प्रेक्षकाला ही शांतता निराळी समजावून सांगावी लागली नाही. नया थिएटरमधील इतर काही कलावंतही या चित्रपटात होते. तन्वीर यांची कन्या नगीन यांनी त्यात छत्तीसगडी गीत गायिले. स्वतः तन्वीर यांचे ८ जून २००९ रोजी निधन झाले होते.

या यशातच पुढील अडचणीचे बीज होते, असे म्हणावे लागते. चित्रपटसृष्टीने नत्थाचा चेहरा लक्षात ठेवला, त्यामागचा गाता, विनोदी नट फारसा पाहिलाच नाही. चरित्र-अभिनेत्याला एका यशानंतर बहुधा त्याच यशाच्या प्रतिकृती देऊ केल्या जातात. माणिकपुरी यांना पुढे कामे मिळाली, पण नत्थाच्या तोलाची भूमिका त्यांच्या वाट्याला आली, असे दिसत नाही. या चित्रपटात स्थानिक वार्ताहर झालेले नवाझुद्दीन सिद्दीकी काही वर्षांतच आघाडीचे अभिनेते झाले. राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे शिक्षण आणि मुंबईतील दीर्घ वास्तव्य त्यांच्या पाठीशी होते, हेही नमूद केले पाहिजे.

अंतर हा येथे केवळ अलंकारिक शब्द नव्हे. भिलाई मुंबईपासून लोहमार्गाने सुमारे ११०० किलोमीटरवर आहे. दुय्यम भूमिकांसाठी बोलावणे अनेकदा ऐनवेळी येते. दूरचित्रवाणी मालिकांचे काम नियमित उत्पन्न देऊ शकते, परंतु बहुतेक हिंदी मालिकांचे चित्रीकरण मुंबई व परिसरात सलग चालत असल्याने तेथेच बिऱ्हाड करणे भाग पडते. नाचाच्या नटाचे प्रेक्षक, साथीदार आणि भाषा मात्र गावाकडे असतात.

अमित मसूरकर दिग्दर्शित ‘न्यूटन’ (२०१७) या चित्रपटात माणिकपुरी यांनी आदिवासी गावकऱ्याची छोटी भूमिका केली. ‘पीपली लाइव्ह’प्रमाणेच हा चित्रपटही ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिका ठरला. या वेळी मात्र कॅमेराच छत्तीसगडमध्ये आला होता. चित्रीकरण झाले ते दल्ली-राजहरा परिसरात, जेथील खाणींचे लोहखनिज भिलाईच्या पोलाद कारखान्याला पुरविले जाते.