बटाट्यावरील करडी पाकोळी व तिचे कूळ

साठवणुकीतील बटाट्याच्या डोळ्यांपाशी काळसर विष्ठा दिसू लागली, की शेतकऱ्याचे लक्ष अळीकडे जाते. परंतु जिच्या अंड्यांतून ती अळी निपजते, ती सुमारे एक सेंटिमीटर लांबीची करडी पाकोळी बहुधा दुर्लक्षितच राहते.

इ. स. १९०६ मध्ये इटलीहून आणलेल्या बियाण्याच्या बटाट्यांबरोबर ही कीड तत्कालीन मुंबई इलाख्यात आली. तत्पूर्वी १८७३ साली झेलर या कीटकशास्त्रज्ञाने तिला ‘ऑपरक्युलेला’ हे जातिनाम दिले होते. आज तिची गणना ‘थॉरिमिया’ या प्रजातीत व ‘गेलेचिडी’ या कुळात होते. मागील पंखांचे बोटासारखे पुढे आलेले टोक, पंखांच्या कडेची लांब केसांची झालर आणि तोंडापुढील वर वळलेल्या दोन स्पर्शिका ही या कुळाची लक्षणे होत.

कपाशीवरील शेंदरी बोंडअळी व साठवणीच्या धान्यातील पतंग हे याच कुळातील होत. २०१४ साली पुणे भागात टोमॅटोवर आढळलेली दक्षिण अमेरिकेतील नागअळी तर पाकोळीची अगदी जवळची आप्त आहे.

हे वर्गीकरण केवळ ग्रंथातील विषय नव्हे. या सर्वांच्या अळ्या पान, बोंड, दाणा किंवा कंद पोखरून आत दडतात. त्यामुळे अळी आत शिरल्यावर केलेल्या फवारणीचा खर्च बव्हंशी वाया जातो. तसेच प्रत्येक जातीच्या मादीचा गंध निराळा असतो. एकीसाठी आणलेली कामगंध वडी दुसरीचे नर आकर्षित करीलच असे नाही. सापळा रिकामा राहिला, तर कीड नाही असा चुकीचा समज होतो.

म्हणून अळी आत शिरण्यापूर्वीच उपाय योजावेत. निरोगी बियाणे वापरावे. कंद उघडे पडू नयेत म्हणून वरंब्यांना मातीची चांगली भर द्यावी. काढलेला बटाटा रात्री शेतात उघडा ठेवू नये, अथवा त्याच्याच पाल्याने झाकू नये. आरणीत घालण्यापूर्वी किडके कंद निवडून नष्ट करावेत. शक्य तेथे शीतगृहाचा अवलंब करावा.

पाकोळीची ओळख संशयास्पद वाटल्यास ग्रामपातळीवरील कार्यकर्त्याने ती कोरड्या काड्यापेटीत ठेवून, पीक, गाव व दिनांक यांच्या नोंदीसह नजीकच्या कृषि विज्ञान केंद्राकडे पाठवावी. कीड कोणती हे निश्चित कळल्यानंतरच औषधाचा व सापळ्याचा खर्च करणे हिताचे ठरते.