गृहकर्जाचे खरे मोल

विलेपार्ल्याच्या पूर्व भागात, हनुमान रस्त्यापासून दीक्षित रस्त्यापर्यंत आणि तेजपाल स्कीमच्या आतल्या गल्ल्यांतून, सहकारी गृहनिर्माण संस्थांच्या ज्या दोन-तीन मजली इमारती दोन पिढ्यांच्या संसारांना आसरा देत उभ्या होत्या, त्यांपैकी अनेकींच्या जागी आता पुनर्विकासाच्या नव्या इमारती आल्या आहेत. आणि विमानतळाच्या सान्निध्यामुळे येथील बांधकामाच्या उंचीवर बंधन असल्याने उपलब्ध जागा मर्यादित राहून तिचे मोल उत्तरोत्तर वाढतच गेले आहे. ज्या वस्तीने 1921 साली पार्ले टिळक विद्यालय आणि 1923 साली लोकमान्य सेवा संघ उभा केला, ती वस्ती प्रामुख्याने नोकरदार, काटकसरी आणि कर्जाला भिणाऱ्या मध्यमवर्गाची. त्या पिढीने घर घेतले ते भविष्यनिर्वाह निधीतून उचल करून, प्रसंगी घरातले सोने मोडून. हसमुख ठाकोरदास पारेख यांनी 1977 साली मुंबईत एचडीएफसी स्थापन केली, तोपर्यंत सामान्य पगारदाराला पंधरा-वीस वर्षांच्या मुदतीचे गृहकर्ज मिळणे ही दुर्मिळ गोष्ट होती. आज अशाच कुटुंबातील नातू एक कोटीच्या कर्जाच्या कागदांवर एका दुपारी सह्या करतो, आणि त्या कर्जाचा वीस वर्षांचा हिशेब त्याच्यापुढे कोणीही मांडलेला नसतो. तो येथे मांडावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

उदाहरणासाठी एक कोटी रुपयांचे कर्ज, 20 वर्षांची मुदत आणि दरसाल 8.5 टक्के व्याज धरू. मासिक हप्ता, ज्याला आता सर्वत्र ईएमआय म्हणतात, तो येतो 86,782 रुपये. 240 हप्त्यांची बेरीज होते सुमारे 2 कोटी 8 लाख, म्हणजे व्याजच मुळी 1 कोटी 8 लाखांच्या घरात. "साडेआठ टक्के म्हणजे शंभराला साडेआठ, त्यात एवढे काय," असे जे सहज बोलले जाते, त्याच्या बुडाशी असलेला गैरसमज हाच की तो दर एकदाच लागतो. वास्तविक तो प्रतिवर्षी, शिल्लक मुद्दलावर, पुनःपुन्हा लागतो. आणि शिल्लक मुद्दल फार सावकाश उतरते.

हा आकडा प्रथमच पाहणाऱ्याच्या मनात दुसरा, उलट दिशेचा गैरसमज उत्पन्न होतो. मुद्दलाहून व्याज अधिक, म्हणजे ही उघड लूट, असे त्याला वाटते. आणि जुन्या पिढीतील एखादा जाणकार त्याला दामदुपटीच्या नियमाची आठवणही करून देतो. हिंदू धर्मशास्त्रातील हा नियम मुंबई इलाख्यात दीर्घकाळ न्यायालयांनी मानला, हे खरे. परंतु त्याचा आशय असा होता की, धनकोला कोणत्याही एका वेळी थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक मागता येणार नाही. जे व्याज ऋणको महिन्याच्या महिन्याला चुकते करीत आला, त्याच्या एकूण बेरजेला त्या नियमाने मर्यादा नव्हती. बँकेचे व्याज थकत नाही, दरमहा वसूल होते. म्हणून त्या बेरजेत फसवणूक नाही. वीस वर्षे दुसऱ्याचा पैसा वापरल्याचे ते भाडे आहे. शिवाय विसाव्या वर्षी दिलेला रुपया आजच्या रुपयाइतका जड नसतो: महागाई दरसाल 6 टक्के धरली, तर त्याची किंमत आजच्या सुमारे 31 पैशांएवढी उरते. म्हणून 1 कोटी 8 लाखांच्या आकड्याने भयभीत होण्याचे कारण नाही. पाहायला हवे ते हे की, हे भाडे केव्हा भरले जाते आणि ते कमी करणे कितपत आपल्या हाती आहे.

येथेच सर्वांत रूढ आणि सर्वांत महागडा गैरसमज आडवा येतो. निम्मी मुदत संपली की निम्मे कर्ज फिटले, असे बहुतेकांना मनोमन वाटत असते. प्रत्यक्षात पहिल्या महिन्याच्या 86,782 रुपयांपैकी 70,833 रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून वजा होतात अवघे 15,949. पाच वर्षांत ऋणको 52 लाखांहून अधिक रक्कम भरतो, तेव्हा मुद्दल उतरलेले असते 12 लाखांच्याही आत. दहा वर्षांनी, म्हणजे बरोबर निम्म्या वाटेवर, त्याने 1 कोटी 4 लाख भरलेले असतात, आणि तरीही बँकेच्या वहीत त्याच्या नावे जवळजवळ 70 लाख रुपये बाकी दिसतात. हप्त्यातील मुद्दलाचा भाग व्याजाच्या भागाहून मोठा व्हायला बारावे वर्ष जवळजवळ सरावे लागते. यात बँकेची काही करामत नाही. शिल्लक मोठी असेतोवर तिच्यावरचे व्याजही मोठेच राहणार, हे साधे गणित आहे. परंतु ज्याला आठव्या-नवव्या वर्षी घर विकून दुसरीकडे जावे लागते, त्याला हे गणित अकस्मात कळते, आणि विक्रीच्या रकमेतून बँकेची बाकी वजा जाता हाती उरणारी रक्कम पाहून तो थक्क होतो.

यावरून मुदतीविषयीच्या भ्रमाकडे वळणे ओघानेच येते. "हप्ता कमी तर कर्ज स्वस्त," या समजुतीने अनेक जण मिळेल तेवढी लांब मुदत घेतात, आणि कर्ज देणाराही ती आनंदाने देतो. त्याच एक कोटीची मुदत 20 ऐवजी 30 वर्षे केली, तर हप्ता 76,891 रुपये होतो. दरमहा 9,891 रुपयांची सवड मिळते. त्या सवडीपोटी एकूण परतफेड मात्र 2 कोटी 76 लाखांच्या पलीकडे जाते, म्हणजे 68 लाखांहून अधिक रक्कम वाढीव जाते. उलट, मुदत 15 वर्षांची ठेवली तर हप्ता 98,474 रुपये आणि एकूण परतफेड 1 कोटी 77 लाखांच्या आसपास. व्याजदरासाठी घासाघीस करावीच, कारण दर 8.5 ऐवजी 9 टक्के पडला तर वीस वर्षांत साडेसात लाखांहून अधिक फरक पडतो. पण जो ऋणको अर्ध्या टक्क्यासाठी चार बँकांचे उंबरठे झिजवतो आणि मुदतीचा रकाना मात्र कारकुनाला भरू देतो, तो लहान गळती बुजवून मोठी उघडी ठेवतो, असेच माझे स्पष्ट मत आहे. ज्याची मिळकत आज खरोखरच अपुरी आहे, त्याने लांब मुदत घेण्यात दोष नाही. परंतु मिळकत वाढताच हप्ता वाढवून घेण्याचा निश्चय त्याने त्याच दिवशी करावा.

बदलत्या दराच्या कर्जात हीच मुदत ऋणकोच्या नकळतही वाढते. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रिझर्व्ह बँकेने बँकांना पैसे उसने देण्याचा आपला दर, म्हणजे रेपो दर, 4 टक्क्यांवरून 6.5 टक्क्यांवर नेला. त्यापूर्वी नुकतेच 7 टक्क्यांनी एक कोटी घेतलेल्या माणसाचा हप्ता 77,530 रुपये होता. दर साडेनऊवर गेल्यावर त्याचे केवळ व्याजच महिन्याला 78 हजारांच्या वर गेले. हप्ता मात्र पूर्वीएवढाच कापला जात होता, म्हणून अनेकांना वाटले की आपल्याला दरवाढीची झळ लागली नाही. वस्तुतः अशा स्थितीत मुद्दल उतरायचे थांबून उलट चढू लागते, आणि मुदत निवृत्तीच्या वयापलीकडे सरकते. या प्रकाराला आळा घालण्यासाठी रिझर्व्ह बँकेने 18 ऑगस्ट 2023 रोजी परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्हींचा मेळ घालायचा, ही निवड ऋणकोची आहे. मुदत वाढवताना हप्ता व्याजालाही पुरत नाही अशी अवस्था येऊ देता कामा नये. आणि प्रत्येक तिमाहीचे विवरण त्याला मिळाले पाहिजे, असे त्यात स्पष्ट सांगितले आहे. हा हक्क कागदावर आहे. तो वापरायचा तर बँकेला लेखी कळवावे लागते.

दर उतरला की आपले व्याजही आपोआप उतरेल, ही समजूतही अर्धीच खरी. 1 ऑक्टोबर 2019 नंतर बँकांनी दिलेली बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाह्य मापदंडाला जोडलेली आहेत आणि त्यांचा दर निदान तीन महिन्यांतून एकदा नव्याने ठरतो. त्याआधीची कर्जे मात्र बेस रेट किंवा 2016 पासूनच्या एमसीएलआर या बँकांच्या अंतर्गत दरांशी निगडित असू शकतात, आणि गृहवित्त कंपन्यांचे दर त्यांच्या स्वतःच्या मापदंडावर चालतात. आपले कर्ज यांपैकी कोणत्या जातीचे आहे, हे करारनाम्यात लिहिलेले असते.

प्राप्तिकरातील सवलतीसाठी कर्ज शक्य तितके चालू ठेवावे, हा उपदेश पार्ल्यातल्या सुशिक्षित घरांतूनही ऐकू येतो, म्हणून त्याचा हिशेब थोडा तपशिलाने करतो. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षीचे व्याज सुमारे 8 लाख 42 हजार. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजापोटी जुन्या करप्रणालीत वजावट मिळते ती कमाल 2 लाखांची. 30 टक्क्यांच्या गटातील करदात्याचा उपकरासह कर वाचतो 62,400 रुपये. म्हणजे 62 हजार वाचवण्यासाठी साडेआठ लाखांच्या आसपास व्याज भरणे हा युक्तिवाद झाला. नव्या करप्रणालीत, जी 2023-24 या आर्थिक वर्षापासून वेगळी निवड न केल्यास आपोआप लागू होते, स्वतःच्या वास्तव्याच्या घरासाठी ही वजावटच नाही. कर्ज घ्यावे लागले तर मिळेल ती सवलत जरूर घ्यावी. पण सवलतीसाठी कर्ज ठेवणे हे हिशेबात बसत नाही.

मुदतीपूर्वी पैसे भरले तर दंड पडतो, ही भीतीही बदलत्या दराच्या कर्जापुरती जुनी झाली आहे: जून 2012 पासून वैयक्तिक ऋणकोच्या अशा गृहकर्जावर बँकांना तो आकारता येत नाही. मात्र आगाऊ भरणा केव्हा करावा, याला फार महत्त्व आहे. पहिल्या वर्षाच्या अखेरीस 5 लाख रुपये मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत दोन वर्षांहून अधिक घटते आणि सुमारे 17 लाख 80 हजार रुपयांचे व्याज वाचते. तेच 5 लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले, तर वाचतात सुमारे 2 लाख 40 हजार. बोनसची रक्कम, मुदत संपलेली ठेव, वडिलोपार्जित शेताच्या विक्रीतला वाटा, हे जे काही हाती येईल त्याचा विनियोग पहिल्या सात-आठ वर्षांत करावा. निवृत्तीच्या वेळी ग्रॅच्युइटीतून कर्ज फेडू, असे म्हणणाऱ्याने त्या कर्जाचे बहुतेक सारे व्याज तोवर भरून टाकलेले असते. अडीअडचणीसाठी सहा महिन्यांचा खर्च मात्र बाजूला असावा, कारण मुद्दलात गेलेला पैसा साध्या कर्जात सहजी परत मिळत नाही.

हप्त्यात न दिसणाऱ्या खर्चांचा उल्लेख थोडक्यात करतो. घर दीड कोटीचे असेल, तर मुंबईत 6 टक्के दराने मुद्रांकशुल्क 9 लाख आणि नोंदणी फी 30 हजार, हे ऋणकोने पदरचे घालावयाचे असते. केवळ स्त्रीच्या नावे खरेदी असेल तर शुल्कात एक टक्का सूट आहे. बांधकाम चालू असलेल्या घरावर 5 टक्के जीएसटी निराळा. अशा घराच्या कर्जावर ताबा मिळेपर्यंत जे प्री-ईएमआय भरले जाते, ते निव्वळ व्याज असते. 60 लाख उचललेले असताना तीन वर्षे ताबा लांबला, तर 15 लाखांहून अधिक रक्कम मुद्दलाला स्पर्शही न करता जाते. कर्जासोबत घातला जाणारा विमा धनकोकडूनच घेतला पाहिजे, अशी कायद्याची सक्ती नाही. त्याचा 2 लाखांचा हप्ता कर्जात मिळवला तर तोच वीस वर्षांत 4 लाखांच्या वर जातो. आणि संस्थेच्या आदर्श उपविधींनुसार दुरुस्ती निधी व सिंकिंग फंड मिळून बांधकामखर्चाच्या दरसाल किमान एक टक्का भरावा लागतो, तो घर असेतोवर.

आता उरला तो "भाडे म्हणजे पाण्यात गेलेला पैसा" हा प्रिय सिद्धांत. पहिल्या हप्त्यातील 70,833 रुपये हेही भाडेच आहे, घराचे नव्हे तर पैशाचे. पार्ल्यात घरांच्या किमतींच्या मानाने भाडी बरीच कमी असल्याने, तेवढ्याच घरात भाड्याने राहून उरलेली रक्कम नेमाने गुंतवणारे कुटुंब नुकसानीत असतेच असे नाही. स्वतःच्या घराचे स्थैर्य, मुलांची न बदलणारी शाळा, म्हातारपणीची निश्चिंती, यांचे मोल मला अत्यंत मोठे वाटते. परंतु ते स्थैर्याचे मोल म्हणून मोजावे, नफा म्हणून नव्हे.

1 ऑक्टोबर 2024 पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत मुख्य तथ्यांचे पत्रक देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व आकार धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचे वेळापत्रक असते, आणि ते ऋणकोला समजणाऱ्या भाषेत असले पाहिजे. ते मराठीत मागा, घरी आणा, पाचव्या आणि दहाव्या वर्षाच्या ओळी घरातल्या सर्वांना वाचून दाखवा, आणि मगच सही करा. कर्ज फिटल्यावर मूळ दस्तऐवज 30 दिवसांत परत मिळाले पाहिजेत. बँकेच्या दोषाने विलंब झाल्यास दर दिवसाला 5,000 रुपये भरपाईचा हक्क 1 डिसेंबर 2023 पासून आहे. त्याच वेळी गहाणाची नोंद रद्द झाल्याचा कागद घेऊन तो आपल्या गृहनिर्माण संस्थेच्या दफ्तरीही जमा करावा.