हात गेला म्हणून माणूस कामातून जात नाही

गैरसमज : हात किंवा पाय गेला की माणूस कामातून गेला.

तारिहाळच्या एखाद्या शेडमध्ये पॉवर प्रेसखाली बोटं सापडली किंवा बेळूरच्या औद्योगिक वसाहतीत कुणाचा पाय चिरडला, की हुबळी-धारवाडात हेच वाक्य कानावर येतं. दवाखान्यात भेटायला आलेले पाहुणे ते बोलतात, सुपरवायझर बोलतो, आणि काही दिवसांत तो कामगार स्वतःही तेच म्हणू लागतो. मग घरचे लोक मिळेल ती रक्कम घेतात, पुढे केलेल्या कागदावर सही करतात आणि तिशीतला कमावता माणूस कायमचा घरी बसतो. हे वाक्य ऐकलं की संताप येतो. ते नुसतं निर्दय नाही, ते चूक आहे.

वस्तुस्थिती : जखमी माणसाला पुन्हा कामावर उभं करण्याची व्यवस्था आपल्याकडे शंभर वर्षांहून जुनी आहे. पहिल्या महायुद्धात मराठा पलटणी मेसोपोटेमियात लढत होत्या. त्या युद्धातून अपंग होऊन परतलेल्या हिंदी सैनिकांना हातचा धंदा शिकवण्यासाठी १९१७ साली मुंबईत क्वीन मेरीज टेक्निकल स्कूल निघालं. पुढे ते खडकीला गेलं आणि आजही तिथे अपंग जवानांना प्रशिक्षण मिळतं. पुण्याचं कृत्रिम अवयव केंद्र १९४४ चं, खडकीचं पॅराप्लेजिक पुनर्वसन केंद्र १९७४ चं. मराठा लाइट इन्फन्ट्रीचं केंद्र आपल्या शेजारी बेळगावात आहे. या भागातल्या फौजी घरांना तरी हे सांगायची वेळ येऊ नये.

सांगली जिल्ह्यातल्या पेठचे मुरलीकांत पेटकर सैन्याच्या ईएमई या तांत्रिक विभागात होते. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून ते कमरेखाली अधू झाले. १९७२ साली हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये त्यांनी ५० मीटर फ्रीस्टाइल पोहण्यात ३७.३३ सेकंदांचा विश्वविक्रम करून भारताला पहिलं पॅरालिम्पिक सुवर्णपदक मिळवून दिलं. पदकाची गोष्ट आता सिनेमामुळे सगळ्यांना ठाऊक आहे. त्यानंतर त्यांनी पुण्यात टेल्को कंपनीत नोकरी केली, हे मात्र कुणी सांगत नाही. आपल्या विषयाला पदकापेक्षा ती नोकरी जास्त महत्त्वाची.

‘ते फौजी, त्यांची गोष्ट वेगळी,’ असं कुणी म्हणेल. म्हणून कायदा पाहू. हुबळी हे दक्षिण पश्चिम रेल्वेचं आणि वायव्य कर्नाटक परिवहन महामंडळाचं मुख्यालय. इथल्या हजारो घरांची चूल या दोन नोकऱ्यांवर पेटते. दिव्यांग व्यक्ती हक्क कायदा, २०१६ च्या कलम २० (४) नुसार सरकारी आस्थापनेत नोकरीत असताना अपंगत्व आलं तर कामावरून काढता येत नाही, खालच्या पदावरही टाकता येत नाही. जुनं काम जमत नसेल तर त्याच वेतनश्रेणीत दुसरं काम द्यावं लागतं, आणि तशी जागा रिकामी नसेल तर जादा पद निर्माण करावं लागतं. सरकारी महामंडळंही यात येतात. १९९५ च्या जुन्या कायद्यातही हे संरक्षण होतं आणि पाय गमावलेल्या एका शिपायाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली ते ठामपणे उचलून धरलं. ऑगस्ट २०२५ मध्ये याच न्यायालयाने तेलंगणाच्या परिवहन महामंडळाला, रंगांधळा ठरलेल्या बसचालकाला पर्यायी काम द्यायला लावलं. तरीही वर्कशॉपमधला किंवा डेपोतला माणूस ‘आता राजीनामाच द्यावा लागेल’ असं धरून चालतो. राजीनामा देऊ नका. अर्ज द्या, तोही लेखी.

खासगी कारखान्यात इतकं भक्कम संरक्षण नाही. तिथे आधार आहे तो भरपाईचा आणि कर्मचारी राज्य विम्याचा, म्हणजे ईएसआयचा, आणि तिथेच टक्क्यांचा घोळ होतो. १९२३ च्या भरपाई कायद्याच्या तक्त्यात एका हाताचा अंगठा गेला तर ३० टक्के, चारही बोटं गेली तर ५० टक्के कमाईक्षमता गेली असं धरलं होतं. महिना १५,००० रुपये धरून तीस वर्षांच्या कामगाराचा हिशेब केला, तर नुसत्या अंगठ्याचे ५,६१,५४६ रुपये होतात. दहा-वीस हजारांवर सही करणाऱ्यांनी हा आकडा पाहावा. डावा हात कोपराच्या वर गमावलेल्या एका सुताराच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने पूर्ण १०० टक्के नुकसान मान्य केलं, कारण एका हाताने सुतारकाम होत नाही. पण कागदावर १०० टक्के म्हणजे माणूस शून्य, असा त्याचा अर्थ नाही. त्याची सुतारकी गेली. दुसरं काम शिकायचा त्याचा हक्क जागेवरच आहे.

माणूस खरोखर मागे पडतो तो अनेकदा घरातल्या चुकांमुळे. गुडघ्याखाली पाय कापलेल्या मुलाला आराम वाटावा म्हणून आई गुडघ्याखाली उशी ठेवते. आठवड्यामागून आठवडे गुडघा वाकलेलाच राहतो, मागचे स्नायू आखडतात आणि कृत्रिम पाय बसवायची वेळ येते तेव्हा गुडघा सरळच होत नाही. उशी काढा, गुडघा सरळ ठेवा, उरलेल्या भागाला पट्टी कशी बांधायची ते फिजिओथेरपिस्टकडून शिकून घ्या आणि डॉक्टर सांगतील तेव्हा पालथं झोपवा. पुढची नोकरी या साध्या गोष्टींवरही अवलंबून असते.

आता बाकीचे गैरसमज.

‘चूक त्याचीच होती, मग भरपाई कसली?’ : साध्या निष्काळजीपणाने हक्क जात नाही. दारूचा अंमल किंवा मुद्दाम काढलेला गार्ड ही सबबसुद्धा मृत्यू किंवा कायमचं पूर्ण अपंगत्व आलं असेल तर चालत नाही.

‘तो तर ठेकेदाराचा माणूस’ : मूळ मालकही जबाबदार असतो.

‘सही केली, आता काय होणार?’ : भरपाईचा हक्क सोडायला लावणारा करार रद्दबातल ठरतो.

‘ईएसआय म्हणजे औषधाच्या गोळ्या’ : विमाधारकाला तात्पुरत्या अपंगत्वात वेतनाच्या ९० टक्के आणि कायमच्या अपंगत्वात त्या प्रमाणात आयुष्यभर दरमहा रक्कम मिळते. मात्र ईएसआय असेल तर मालकाकडून भरपाई वेगळी मिळत नाही.

‘कृत्रिम पाय बसला की झालं’ : पहिल्या वर्षात उरलेला भाग बारीक होतो, सॉकेट सैल पडतं आणि बदलावं लागतं.

‘कृत्रिम पायासाठी जयपूरला जावं लागेल’ : हुबळीत किम्स रुग्णालयाच्या आवारात महावीर लिंब सेंटर आहे.

‘१९२३ चा कायदा गेला, म्हणजे भरपाईही गेली’ : २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आली आहे. भरपाईचं प्रकरण तिच्यात कायम आहे, आणि घरातून कामावर जाता-येता झालेला अपघातही तिने काही अटींवर धरला आहे.

अपघात झाला की तो त्याच दिवशी लेखी नोंदवून घ्या, दवाखान्याचे सगळे कागद जपा आणि रजेचा अर्ज द्या. भरपाईचा दावा दोन वर्षांच्या आत दाखल करायचा असतो. आणि भेटायला जाल तेव्हा ‘कामातून गेला’ म्हणू नका. ‘पुढे कोणतं काम करणार?’ एवढं विचारा.