फ्रान्सची राजरत्ने : राजाच्या ठेवीपासून राष्ट्राच्या वारशापर्यंत

प्रस्तावना

राजसत्ता लयास गेल्यावर तिच्या मुकुटांचे व रत्नांचे काय करावयाचे, हा प्रश्न केवळ मालमत्तेच्या वाटणीचा नसतो. नव्या राज्यव्यवस्थेने आपल्या भूतकाळाकडे कोणत्या दृष्टीने पाहावे, हा त्यामागील खरा प्रश्न असतो. १९ ऑक्टोबर २०२५ रोजी पॅरिस येथील लूव्र संग्रहालयातून राजघराण्यांचे आठ अलंकार भरदिवसा चोरीस गेले, तेव्हा या प्रश्नाकडे जगाचे लक्ष पुन्हा वेधले गेले. प्रस्तुत लेखात फ्रान्सच्या राजरत्नांच्या सुमारे पाच शतकांच्या इतिहासाचा थोडक्यात आढावा घेऊन, रत्नांचे मोल कशात असते याचा विचार केला आहे.

रत्नकोशाची स्थापना

१५३० मध्ये पहिला फ्रान्सिस या राजाने आठ मौल्यवान अलंकार निवडले आणि ते राजाची खाजगी मालमत्ता नसून राजपदाची ठेव आहेत, असे जाहीर केले. राजा बदलला तरी रत्ने बदलू नयेत, ती वारसाकडे जशीच्या तशी जावीत व त्यांची यादी ठेवली जावी, असा त्यामागील हेतू होता. व्यक्ती आणि पद यांत केलेला हा भेद महत्त्वाचा आहे. 'सार्वजनिक ठेव' या आधुनिक कल्पनेचे बीज त्यात दिसते. प्रत्यक्षात मात्र युद्धखर्चासाठी राजरत्ने वारंवार गहाण पडली. मूळ आठ अलंकारांपैकी 'कोत द ब्रेताञ' हे एकच लाल स्पिनेल रत्न आज शिल्लक आहे, आणि तेही अठराव्या शतकात नव्याने घडवून ड्रॅगनच्या आकारात आणलेले आहे.

गोवळकोंड्याचे हिरे

या रत्नकोशाला खरे वैभव प्राप्त झाले ते चौदाव्या लुईच्या काळात, आणि त्या वैभवाचा उगम भारतात होता. फ्रेंच व्यापारी टॅव्हर्निअर याने भारतातून नेलेला सुमारे ११५ कॅरटचा निळा हिरा लुईने १६६८ मध्ये विकत घेतला. हा हिरा कृष्णाकाठच्या कोल्लूर खाणीतला असावा, असे सामान्यतः मानले जाते. १६७३ मध्ये त्याला पैलू पाडण्यात आले व त्याचे वजन सुमारे ६९ कॅरटवर आले. गोवळकोंडा परिसरातूनच आलेला दुसरा विख्यात हिरा म्हणजे 'रीजंट'. मद्रासचा इंग्रज गव्हर्नर थॉमस पिट याने तो विकत घेऊन लंडनमध्ये पैलू पाडून घेतला. १७१७ मध्ये फ्रान्सचा राजप्रतिनिधी ऑर्लिअन्सचा ड्यूक फिलिप याने तो खरेदी केला. राजप्रतिनिधीच्या या पदावरूनच हिऱ्याला नाव मिळाले. त्याचे वजन १४०.६४ कॅरट आहे.

क्रांती आणि १७९२ ची चोरी

क्रांतीनंतर राष्ट्रीय सभेने रत्ने राष्ट्राची मालमत्ता मानली आणि १७९१ मध्ये त्यांची सविस्तर यादी तयार करून छापली. तीत एकट्या 'रीजंट'ची किंमत एक कोटी वीस लाख लिव्र धरलेली होती. परंतु पुढच्याच वर्षी, सप्टेंबर १७९२ मध्ये, राजकीय गोंधळाचा फायदा घेऊन चोरट्यांनी अनेक रात्री राजभांडारात शिरून कोश लुटला. 'रीजंट' १७९३ मध्ये परत सापडला. पुढे तो सरकारी कर्जासाठी गहाण पडला, नेपोलियनने सोडवला आणि आपल्या तलवारीत जडवला. निळा हिरा मात्र पुन्हा त्या रूपात दिसला नाही. चोरीला वीस वर्षे पूर्ण होताच, १८१२ मध्ये, लंडनच्या एका जवाहिऱ्याकडे त्याहून लहान निळा हिरा असल्याची नोंद मिळते. तोच पुढे 'होप' या नावाने प्रसिद्ध झाला. ४५.५२ कॅरटचा हा हिरा १९५८ पासून वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संस्थेत आहे.

दोन्ही हिरे एकच, हे दीर्घकाळ केवळ अनुमान होते. २००७ मध्ये पॅरिसच्या निसर्गेतिहास संग्रहालयात मूळ हिऱ्याची शिशाची प्रतिकृती सापडली आणि त्या अनुमानाला भक्कम आधार मिळाला. हिरा कापला गेला तरी त्याची साक्ष एका साध्या शिशाच्या तुकड्याने जपली होती.

प्रजासत्ताकाचा लिलाव

१८७० मध्ये दुसरे साम्राज्य कोसळले. तिसऱ्या प्रजासत्ताकातील अनेक नेत्यांना राजसत्तेच्या पुनरागमनाची धास्ती होती. मुकुट शिल्लक राहिला तर त्यासाठी मस्तक शोधणारेही निघतील, असे त्यांना वाटे. त्यातून डिसेंबर १८८६ मध्ये विक्रीचा कायदा झाला आणि मे १८८७ मध्ये लूव्रमध्येच लिलाव झाला. सत्तर लाख फ्रँकहून अधिक रक्कम उभी राहिली. न्यूयॉर्कची टिफनी ही पेढी सर्वांत मोठी खरेदीदार ठरली. विक्रीच्या सोयीसाठी काही अलंकार सुटे करण्यात आले. 'रीजंट' आणि पंधराव्या लुईचा मुकुट यांसारख्या मोजक्या वस्तू ऐतिहासिक म्हणून राखल्या गेल्या. त्या मुकुटातील खरी रत्ने १७२९ मध्येच काढून त्या जागी काचेचे खडे बसवले होते. म्हणजे काचेचा मुकुट इतिहास म्हणून जपला गेला आणि खरे हिरे पैसा म्हणून विकले गेले.

हा निर्णय राजकीयदृष्ट्या समजण्याजोगा असला तरी त्याची किंमत पुढील पिढ्यांना मोजावी लागली. सम्राज्ञी युजेनीचा मोत्यांचा शिरोभूषण-अलंकार १९९२ मध्ये, तर तिचा हिऱ्यांचा मोठा फुलपीन २००८ मध्ये लूव्रने परत मिळवला. त्या फुलपिनासाठी सुमारे ६७ लाख युरो मोजावे लागले. २०२५ मध्ये चोरीस गेलेल्या वस्तूंत हे दोन्ही अलंकार होते.

समारोप

त्या चोरीत गेलेल्या वस्तूंची किंमत ८ कोटी ८० लाख युरो सांगण्यात आली. चोराच्या दृष्टीने मात्र अलंकार ओळखीचा असणे हीच अडचण असते. म्हणून तो मोडला जाण्याचा धोका सर्वाधिक असतो. सुटे खडे व वितळलेले सोने विकता येते, पण त्यांची घडण, मालकीची परंपरा आणि त्या काळाची कारागिरी कायमची नष्ट होते. १७९२ च्या चोराने हेच केले आणि १८८७ च्या प्रजासत्ताकानेही, कायद्याच्या मार्गाने का होईना, काही अंशी हेच केले.

आज फ्रान्समधील सार्वजनिक संग्रहालयांचे संग्रह कायद्याने अविक्रेय आहेत. राजाने १५३० मध्ये राजपदासाठी मांडलेले तत्त्व प्रजासत्ताकाने अखेर राष्ट्रासाठी स्वीकारले, असे म्हणता येईल. राजचिन्ह नष्ट केल्याने राजसत्तेची स्मृती पुसली जात नाही. पुसला जातो तो तिच्या चिकित्सेचा पुरावा. यादी, प्रतिकृती व छायाचित्रे जपणे हे म्हणूनच हिरे जपण्याइतकेच महत्त्वाचे कार्य ठरते.