कन्सोलचे कपाट (भाग ११) : डबीतली चिठ्ठी

कन्सोलवरील खेळाची डिस्क ही साच्यातून निघालेली वस्तू असते आणि तिच्यासोबत डबीत येणारी बोनस कोडची चिठ्ठी मात्र प्रत्येक डबीत निराळी असते. वापरलेल्या खेळांची किंमत, त्यांची पुनर्विक्री आणि परदेशातून आणलेल्या खेळांचा अर्धवटपणा यांविषयीचे बहुतेक प्रश्न या एका भेदातून उद्भवतात. कारखान्यात एका मूळ साच्यावरून हजारो डिस्क दाबून काढल्या जातात, त्या सर्वांवरील सूक्ष्म खड्ड्यांची रचना सारखीच असते, आणि म्हणून डिस्क आत सरकवल्यावर ती अस्सल आहे एवढे कन्सोलला ओळखता येते, पण ती कोणी विकत घेतली आणि आजवर किती हातांतून गेली हे तिच्यावरून ठरवता येत नाही. एकाच खरेदीदाराला एकदाच द्यायची वस्तू, म्हणजे एखादा जादा पोशाख, खेळातील चलन, वाढीव प्रकरण किंवा ऑनलाइन खेळण्याची परवानगी, द्यायची असेल तर तिची खूण डिस्कवर ठेवून भागत नाही, ती कागदावर छापावी लागते. डबी उघडताच आतल्या कप्प्यातून खाली पडणाऱ्या आणि पुष्कळदा केराच्या टोपलीत जाणाऱ्या त्या चिठ्ठीचे महत्त्व एवढे आहे.

या भागात खेळाच्या खरेदीवर गुण देणाऱ्या निन्टेन्डोच्या गोल्ड पॉइंट योजनेचा विचार करण्याचे गेल्या आठवड्यात ठरले होते. ते पुढच्या भागावर टाकावे लागत आहे, कारण मुळशी तालुक्यातील घोटावडे येथील एका वाचकाने पाठवलेला प्रश्न आधी सोडवल्याशिवाय गोल्ड पॉइंटांचे गणितही नीट उलगडणार नाही. या वाचकाने प्लेस्टेशन ४ चा एक वापरलेला खेळ विकत घेतला, डबीत चिठ्ठी जशीच्या तशी होती, तिच्यावरील मुदतही उलटलेली नव्हती, डिस्क व्यवस्थित चालली; कोड मात्र स्वीकारला गेला नाही. डबीवरील वयोगटाचा शिक्का अमेरिकेतील ईएसआरबी या संस्थेचा असल्याचे त्यांनीच पुढे लिहिले असून अमेरिकेचे नवे अकाउंट उघडल्यास काम होईल का, असे विचारले आहे. प्रश्न एकट्या घोटावड्याचा नाही. राजीव गांधी इन्फोटेक पार्क ज्या हिंजवडी आणि माण या गावांच्या हद्दीत उभे आहे ती दोन्ही गावे मुळशी तालुक्यातच येतात, आणि ऑनसाइट गेलेल्या मंडळींच्या बॅगांतून अमेरिकेतले खेळ ज्या भागात येतात तेथे ही अडचण वारंवार येणे स्वाभाविक आहे.

कोड न वटण्याची कारणे येथे दोन संभवतात आणि ती परस्परांहून पूर्णपणे भिन्न आहेत. पहिले कारण असे की तो आधीच वटवला गेला असावा. चिठ्ठीवर छापलेली अक्षरे म्हणजे बक्षीस नव्हे. बक्षीस कंपनीच्या सर्व्हरवर असते आणि चिठ्ठी ही तेथील खतावणीतील एका ओळीचा केवळ क्रमांक असते. ग्राहकाने कोड भरला की सर्व्हर ती ओळ शोधतो, तिच्यापुढे 'शिल्लक' अशी नोंद असल्यास तेथे 'वटला' अशी नोंद करतो आणि त्याच क्षणी बक्षीस त्या ग्राहकाच्या अकाउंटवर चढवतो. कागदावर या घटनेची कोणतीही खूण उमटत नाही, शाई पुसट होत नाही की कोपरा फाटत नाही, आणि म्हणूनच वापरलेल्या डबीतील चिठ्ठी कोरी करकरीत दिसली तरी त्यावरून काहीच सिद्ध होत नाही. दुकानात टांगलेल्या भेटकार्डांवर खरवडण्याचा चंदेरी पट्टा असतो. डबीतील चिठ्ठीवर तो सहसा नसतो, कारण डबीवरचे प्लास्टिकचे वेष्टनच तिचे संरक्षण करील असे गृहीत धरलेले असते. वेष्टन एकदा निघाले की चिठ्ठीचे छायाचित्र काढणारा कोणीही तिचा धनी होऊ शकतो.

अंदाजाने कोड भरून पाहणाऱ्याच्या हाती मात्र काही लागत नाही. प्लेस्टेशनचा कोड १२ अक्षरांचा, निन्टेन्डोचा १६ अक्षरांचा आणि एक्सबॉक्सचा २५ अक्षरांचा असतो. इंग्रजीची २६ अक्षरे आणि १० अंक अशी ३६ चिन्हे धरली तर १२ जागांवर त्यांच्या होऊ शकणाऱ्या रचनांची संख्या ४७ या आकड्यापुढे १७ शून्ये मांडल्यावर जी होते तिच्या आसपास जाते, आणि प्रत्यक्षात वाटलेले कोड या अफाट राशीत इतके विरळ विखुरलेले असतात की एखादा नेमका सापडण्याची शक्यता नगण्य ठरते. एक्सबॉक्सच्या कोडांची रचना या दृष्टीने विशेष अभ्यासण्याजोगी आहे. त्यांत इंग्रजी स्वर वापरले जात नाहीत आणि ०, १, ५ हे अंकही वगळलेले असतात; त्यामुळे ओ आणि शून्य, आय आणि एक, एस आणि पाच यांची गल्लत टळते आणि यदृच्छेने एखादा अभद्र शब्द तयार होण्याची भीतीही उरत नाही. टीव्हीच्या पडद्यावरील अक्षरपट्टीतून कंट्रोलरच्या बटणांनी एकेक अक्षर टिपणाऱ्या माणसाची एवढी काळजी कोणीतरी वाहिली आहे, हे पाहून समाधान वाटते. ज्या कोडांत अशी सोय नाही ते फोनवरील ॲपमधून किंवा संगणकावरून भरणे अधिक बरे.

एकदाच वटणाऱ्या कोडामुळे वस्तूच्या स्वरूपात काय फरक पडला, हे पुण्याच्या अप्पा बळवंत चौकातील जुन्या पाठ्यपुस्तकांच्या व्यवहाराशी ताडून पाहिल्यास स्पष्ट होते. तेथे एका विद्यार्थ्याने विकलेले पुस्तक दुसऱ्याच्या हाती जाते तेव्हा त्यातील शेवटच्या पानापर्यंतचा मजकूर त्याच्यासोबत जातो; कोपरे दुमडलेले असतील, समासात पेन्सिलीच्या खुणा असतील, पण एकही धडा पहिल्या मालकाकडे मागे राहत नाही. बालभारतीच्या अलीकडच्या पुस्तकांत छापलेले क्यूआर कोडही याच परंपरेतले आहेत, कारण ते 'दीक्षा' या सरकारी व्यासपीठावरील पूरक साहित्याकडे नेतात आणि पहिल्या विद्यार्थ्याने उघडले म्हणून दुसऱ्यासाठी बंद होत नाहीत. एका आवृत्तीतील एका पानावर सर्वांसाठी एकच कोड असतो आणि तो वापरल्याने संपत नाही. खेळाच्या डबीतील कोड नेमका याच्या उलट वागतो. त्याच्यामुळे एका खरेदीचे दोन तुकडे होतात, त्यांपैकी डिस्क हातोहात फिरते आणि दुसरा तुकडा पहिल्या खरेदीदाराच्या अकाउंटला कायमचा चिकटतो. पुस्तकांच्या बाबतीत भारतीय कायद्याची भूमिकाही परंपरेला धरून आहे, कारण १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातील कलम १४ प्रमाणे प्रती वितरित करण्याचा लेखकाचा हक्क आधीच प्रचलनात आलेल्या प्रतींना लागू होत नाही. संगणक प्रणालींविषयीच्या पोटकलमात १९९४ आणि १९९९ या वर्षी बदल झाले. ती कथा गुंतागुंतीची असून तिला स्वतंत्र भाग द्यावा लागेल.

खेळाच्या खरेदीचे हे दोन तुकडे जाणूनबुजून पाडले गेले, आणि त्याचा काळही निश्चित सांगता येतो. जानेवारी २०१० मध्ये इलेक्ट्रॉनिक आर्ट्सच्या 'मास इफेक्ट २' या खेळाच्या नव्या डबीत जादा साहित्य देणाऱ्या 'सर्बेरस नेटवर्क'चा कोड आला. वापरलेली डिस्क घेणाऱ्याला तेच साहित्य हवे असेल तर त्याने ते वेगळे विकत घ्यावे, अशी त्यामागील योजना होती. त्याच वर्षी त्या कंपनीने क्रीडाविषयक खेळांसाठी 'ऑनलाइन पास' सुरू केला आणि इंटरनेटवर इतरांशी खेळण्याची मुभाच चिठ्ठीवर नेऊन ठेवली. २०११ मध्ये युबिसॉफ्ट आणि सोनी यांनीही आपापले पास आणले. जुन्या डिस्कच्या विक्रीतून दुकानदाराला पैसे मिळतात आणि खेळ घडवणाऱ्यांना काहीच मिळत नाही, हे कंपन्यांचे गाऱ्हाणे निराधार नव्हते. परंतु त्याचा भार मोजक्या पैशांत खेळ घेणाऱ्या शेवटच्या ग्राहकावर टाकणे न्याय्य नव्हते. याचे सर्वांत ठळक उदाहरण म्हणजे ऑक्टोबर २०११ मधील 'बॅटमॅन : आर्कम सिटी'. त्यातील कॅटवुमनचे प्रसंग कोडावर अवलंबून होते आणि त्यांपैकी पहिला प्रसंग खेळाच्या अगदी आरंभी येत असल्याने, कोड वटवलेल्या घरात कथा तिच्यापासून सुरू होई आणि वापरलेली डिस्क लावणाऱ्या घरात तो आरंभच नसे. जादा पोशाख नसणे वेगळे आणि कथेचे तोंडच नसणे वेगळे.

ग्राहकांचा रोष वाढत गेला आणि मे २०१३ मध्ये इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने ऑनलाइन पास बंद केला. पुढच्याच महिन्यात मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स वनवरील वापरलेल्या डिस्कवर घालू घातलेले निर्बंध जाहीर झाल्यानंतर थोड्याच दिवसांत, १९ जून रोजी, मागे घेतले. त्या दरम्यान सोनीने 'वापरलेला खेळ दुसऱ्याला कसा द्यावा' याचा एक अगदी छोटा चित्रफीत-पाठ प्रसृत केला होता, ज्यात एक माणूस डबी दुसऱ्याच्या हाती देतो आणि दुसरा आभार मानतो, एवढेच घडते. पास गेले; बक्षिसांच्या चिठ्ठ्या मात्र राहिल्या आणि आजही आहेत.

आता दुसऱ्या कारणाकडे, म्हणजे प्रदेशाच्या प्रश्नाकडे वळता येईल, आणि घोटावड्याच्या वाचकाच्या बाबतीत हेच कारण अधिक संभवते. प्लेस्टेशन ४ ची डिस्क कोणत्याही देशात विकत घेतलेल्या कन्सोलवर चालते, तिला प्रदेशाचे बंधन नाही. परंतु कोड आणि त्यातून मिळणारे वाढीव साहित्य, ज्याला खेळाडू डीएलसी म्हणतात, ते ज्या प्रदेशाच्या स्टोअरचे असेल त्याच प्रदेशाच्या अकाउंटवर उतरते आणि त्याच प्रदेशाच्या डिस्कला जुळते. डबीच्या कण्यावर आणि डिस्कवर 'सीयूएसए' या अक्षरांनी सुरू होणारा पाच अंकी क्रमांक असतो, ज्याविषयी गेल्या भागात सविस्तर लिहिले आहे. एकच खेळ वेगवेगळ्या प्रदेशांत वेगळ्या क्रमांकाने निघतो. २०१४ मधील 'द लास्ट ऑफ अस रीमास्टर्ड'ची अमेरिकी आवृत्ती ००५५२ आणि युरोपीय आवृत्ती ००५५६ या क्रमांकाची आहे. स्टोअरमधील साहित्याच्या पूर्ण ओळखक्रमांकात त्याआधी आणखी एक उपसर्ग लागतो, अमेरिकेसाठी 'यूपी', युरोपासाठी 'ईपी', जपानसाठी 'जेपी' आणि आशियातील इतर काही देशांसाठी 'एचपी', आणि कन्सोल जुळणी करताना हा संपूर्ण क्रमांक पाहते. पडद्यावर खेळाचे नाव, चित्र आणि प्रसंग तंतोतंत सारखे असले तरी कन्सोलच्या दृष्टीने ते दोन निरनिराळे खेळ असतात.

म्हणून अमेरिकी डबीतील चिठ्ठी भारतीय अकाउंटवर वटत नाही, आणि भारतीय स्टोअरमधून तोच डीएलसी पैसे मोजून घेतला तरी तो अमेरिकी डिस्कला लागू पडत नाही. पैसे मोजण्याआधी क्रमांक ताडून पाहणे किती आवश्यक आहे, ते यावरून कळते. अमेरिकेचे अकाउंट उघडल्यास काम होईल का, या प्रश्नाचे तांत्रिक उत्तर होय असे आहे, अर्थात कोड आधी कोणी वटवलेला नसेल तर. त्या अकाउंटवर कोड वटवून तेच कन्सोल त्या अकाउंटचे 'प्रायमरी' म्हणून नोंदवले की त्या कन्सोलवरील इतर अकाउंटांनाही डीएलसी वापरता येतो. प्लेस्टेशन ५ वर हीच सोय 'कन्सोल शेअरिंग' या नावाने आहे. दोन मर्यादा मात्र ध्यानात घ्याव्यात. खेळातील चलनासारखी खर्च होणारी बक्षिसे ज्या अकाउंटवर कोड भरला त्यालाच मिळतात, ती वाटून घेता येत नाहीत. शिवाय अकाउंटचा देश हा ग्राहकाच्या वास्तव्याचा देश असावा अशी सोनीच्या अटींत अपेक्षा असून एकदा निवडलेला देश नंतर बदलता येत नाही, त्यामुळे आजवरचे खेळ आणि ट्रॉफी ज्यावर आहेत ते मुख्य अकाउंट भारताचेच ठेवणे शहाणपणाचे. परदेशातील आप्तांकडून खेळ मागवणाऱ्यांनी बोनसच्या आशेने महाग आवृत्ती मागवू नये; साधी डिस्क मागवावी, ती पूर्ण चालते.

चिठ्ठीवरील मुदत हा आणखी एक दुर्लक्षित भाग आहे. छापील तारीख उलटली की कोड बाद होतो हे उघड आहे, परंतु स्टोअरच बंद झाले तर तारखेचाही उपयोग राहत नाही. निन्टेन्डोने ३डीएस आणि वी यू या यंत्रांवरील ई-शॉपची विक्री २७ मार्च २०२३ रोजी थांबवली, एक्सबॉक्स ३६० चे स्टोअर २९ जुलै २०२४ रोजी बंद झाले. सोनीने प्लेस्टेशन ३ आणि व्हिटाची स्टोअर बंद करण्याची घोषणा मार्च २०२१ मध्ये केली होती, ती ग्राहकांच्या विरोधामुळे एप्रिलमध्ये बव्हंशी मागे घेतली. भारतात प्लेस्टेशन ३ एप्रिल २००७ मध्ये आले. त्या काळापासूनच्या डब्या ज्यांच्या कपाटात आहेत त्यांनी न वटवलेल्या चिठ्ठ्या शोधून आजच भरून पाहाव्यात. त्याआधीच्या प्लेस्टेशन २ च्या डब्यांत असे काही शोधण्याची गरज नाही, कारण त्या यंत्राला असे स्टोअरच नव्हते आणि जे काही होते ते सर्व डिस्कवर होते.

निन्टेन्डो स्विचच्या कार्डाची गोष्ट डिस्कपेक्षा वेगळी आहे. ते साच्यातून दाबून काढलेले नसून स्मृतिचिप बसवलेले असते, प्रत्येक कार्डात त्याचे स्वतःचे डिजिटल प्रमाणपत्र असते, आणि त्यामुळे कोणते कार्ड कोणत्या अकाउंटने आधी नोंदवले हे चिठ्ठीवाचूनही कळते. कागदाची गरज नसलेली गोल्ड पॉइंट योजना यामुळेच शक्य झाली. जून २०२५ मध्ये आलेल्या स्विच २ च्या 'गेम-की कार्ड'ने तर या लेखातील सगळी मांडणीच उलटी केली आहे, कारण त्या कार्डात खेळ नसतो, तो इंटरनेटवरून उतरवावा लागतो, परंतु किल्ली मात्र अकाउंटला न चिकटता कार्डातच राहते आणि कार्ड विकले की दुसऱ्याकडे जाते. गोल्ड पॉइंट मिळणे मार्च २०२५ मध्ये बंद झाले असले तरी कार्ड नोंदवण्याची ती पद्धत, तिची एक वर्षाची अट आणि त्याआधीच्या क्लब निन्टेन्डोचे तारे यांचा विचार पुढच्या भागात करू.