चौकट : ईश्वरपूरजवळचा व्यावसायिक गीतकार

चित्रपट आणि रेकॉर्ड कंपन्या येण्यापूर्वी लोकप्रिय गाण्यांची बाजारपेठ म्हणजे तमाशाचा फड. त्या बाजारातलं मोठं नाव होतं पठ्ठे बापूराव.

मूळ नाव : श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी

जन्म : 11 नोव्हेंबर 1866, रेठरे हरणाक्ष, ता. वाळवा (तालुक्याचं ठिकाण ईश्वरपूर, पूर्वीचं इस्लामपूर)

पेशा : घरी गावचं कुलकर्णीपण, ते सोडून फडात. ब्राह्मणाने तमाशात जाणं त्या काळी जातीबाहेर पडण्यासारखंच होतं.

लेखन : गण, गौळण, लावणी, भेदिक, झगडा आणि वग. ‘मिठाराणी’ हा गाजलेला वग. लावण्यांची संख्या दोन लाख सांगितली जाते, पण हा आकडा गौरवाचा समजावा.

जोडी : नर्तकी-गायिका पवळा. गाणं बापूरावांचं, अदा पवळाची. या जोडीने मुंबई गाजवली. पुढे दोघांची ताटातूट झाली.

कमाई : तिकिटावर. फड चालला तरच पैसा. रचनेच्या शेवटच्या कडव्यात कवीने आपलं नाव गुंफायचं, हीच मालकीची खूण.

अखेर : 22 डिसेंबर 1945. शेवटची वर्षं हलाखीत गेली.

आज काय बदललं? 2012च्या कॉपीराइट दुरुस्तीनुसार चित्रपटासाठी लिहिलेलं गाणं चित्रपटगृहाबाहेर वाजलं, तर गीतकाराचा रॉयल्टीतला वाटा कायम राहतो. करार करूनही तो निर्मात्याला देऊन टाकता येत नाही. नव्या गीतकारांनी सही करण्याआधी करारातलं रॉयल्टीचं कलम जरूर वाचावं.