समुद्रात जिथे लाट फुटत नाही

(ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला बरं वाटतं त्यांच्यासाठी या एपिसोडचं लिखित रूप. बोलताना आलेले पन्नासेक 'म्हणजे' आणि मध्येच वाजलेली कुकरची शिट्टी काढून टाकली आहे. बाकी जवळपास जसंच्या तसं.)

आज ॲप नाही, पासवर्ड नाही, यूपीआय नाही. आज समुद्र.

गेल्या डिसेंबरात आम्ही ऑफिसातले सात जण रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका किनाऱ्यावर गेलो होतो. किनाऱ्याचं नाव सांगत नाही, कारण एक नाव घेतलं की बाकीचे सगळे किनारे सुरक्षित आहेत असं वाटायला लागतं. आकाश निळं, वारा जवळजवळ नाही, लाटा छातीपर्यंतसुद्धा येत नव्हत्या. मला पोहता येतं. टँकमध्ये आठवड्यातून तीन दिवस वीस-वीस लॅप मारतो, आणि त्याचा थोडा माजही होता. त्यामुळे जागा मी निवडली. नीट विचार करून निवडली, हेच वाईट. डावीकडे लाटा फुटत होत्या, उजवीकडे फुटत होत्या, आणि मध्ये पंधरा-वीस मीटरचा एक पट्टा अगदी शांत होता. म्हटलं, चला, इथे बरं.

कमरेएवढ्या पाण्यात होतो. पायाखालची वाळू सरकली, एक पाऊल मागे गेलं, आणि पुढच्या वेळी पाय टेकलाच नाही. घाबरलो नाही. किनाऱ्याकडे तोंड केलं आणि जोरात हात मारायला लागलो. वीसेक हात मारून मान वर काढली तर सरबताची टपरी मघापेक्षा लहान दिसत होती. अजून जोर लावला. टपरी अजून लहान. पहिल्यांदा पोटात गोळा आला तो तेव्हा.

टपरीवाले काका किनाऱ्यावर उभे राहून ओरडत होते, ऐकू काहीच येत नव्हतं. मग त्यांनी ओरडणं सोडून दिलं, दोन्ही हात आडवे पसरले आणि मान मागे टाकून दाखवली. पाठीवर पड. पुढचं नंतर सांगतो, आधी तिथे काय चाललं होतं ते समजून घेऊ. मला ते घरी आल्यावर, चार रात्री वाचत बसल्यावर समजलं.

पावसात गच्चीवर काय होतं बघा. पाणी सगळ्या गच्चीभर पडतं, पण बाहेर पडायला कोपऱ्यात पाइपाचं एकच तोंड. गच्चीवर पाणी नुसतं साचलेलं दिसतं. त्या तोंडापाशी मात्र चप्पल ओढून नेईल इतका जोर. किनाऱ्यावर तेच होतं. लाटा फुटतात त्या बहुतेक वेळा पाण्याखालच्या वाळूच्या उंचवट्यावर, कारण तिथे पाणी उथळ असतं. फुटलेली प्रत्येक लाट थोडं पाणी किनाऱ्याच्या बाजूला टाकते. हे पाणी परत तर जायला हवं. मागून लाटा येतच असतात, त्यामुळे ते आल्या वाटेने सरळ जात नाही. ते किनाऱ्याला समांतर वाहत जातं आणि वाळूच्या बांधात जिथे खोलगट फट असेल तिथून एकदम बाहेर पडतं. हा समुद्राकडे धावणारा अरुंद प्रवाह म्हणजे रिप करंट. आपल्याकडे किनाऱ्यावरची माणसं 'तिथे पाण्याला ओढ आहे' म्हणतात, तो शब्द मला जास्त अचूक वाटतो.

आता गंमत बघा, गंमत कसली! फट खोल असते म्हणून तिच्यावर लाट फुटत नाही. लाट फुटत नाही म्हणून फेस नाही, आवाज नाही. म्हणून ती जागा शांत दिसते. म्हणजे समुद्राची भीती वाटणारा शहाणा माणूस, लहान मुलांना घेऊन आलेला बाप, आणि मी, सगळे बरोबर त्याच जागी जाऊन उभे राहतो.

याला बरेच जण रिप टाइड म्हणतात. तो शब्द चुकीचा आहे, कारण हा प्रवाह भरती-ओहोटीमुळे तयार होत नाही, लाटांमुळे होतो. फ्रान्सिस शेपर्ड नावाच्या अमेरिकन भूशास्त्रज्ञाने १९३६ सालीच हा घोळ निस्तरायला रिप करंट हा शब्द सुचवला होता. नव्वद वर्षं होत आली, घोळ चालूच आहे. शब्दांवरून कीस काढतोय असं वाटेल, पण त्या चुकीच्या नावामुळे 'आत्ता भरती चालू आहे, मग ओढ कशी असेल' असा हिशेब लोक करतात. भरतीतही ओढ असते. ओहोटीशी तिचा संबंध एवढाच, की पाणी उतरलेलं असताना वाळूचे बांध उथळ होतात, सगळं पाणी फटीतूनच जायला लागतं, आणि ओढीचा जोर पुष्कळदा तेव्हा जास्त असतो. खाडीच्या तोंडाशी ओहोटीचं पाणी बाहेर धावतं ते प्रकरण वेगळं, आणि तिथे तर पोहायला उतरूच नये.

दुसरा गैरसमज, ओढ माणसाला खाली खेचते. नाही. ती आडवी नेते, तळाला नेत नाही. साधारण ओढीचा वेग सेकंदाला अर्धा मीटर असतो, रमतगमत चालण्याहूनही कमी. पण जोरदार ओढीचा वेग सेकंदाला जवळपास अडीच मीटरपर्यंत मोजला गेला आहे. ५० मीटर फ्रीस्टाइलचा जागतिक विक्रम आहे सुमारे २१ सेकंदांचा. भागाकार करा, तोही अडीच मीटरच्या आतच येतो. म्हणजे जगातला सगळ्यात वेगवान पोहणारा माणूसही अशा ओढीत जेमतेम जागेवर राहील. माझे वीस लॅप कुठे लागतात त्यात! बुडणारा माणूस ओढीमुळे बुडत नाही, ओढीशी भांडून दमल्यामुळे बुडतो.

मग करायचं काय? यूट्यूबवर कुठलाही इंग्रजी व्हिडिओ लावा, उत्तर ठरलेलं आहे: किनाऱ्याला समांतर पोहा, ओढीच्या पट्ट्यातून बाजूला व्हा, मग लाटांबरोबर परत या. सल्ला चुकीचा नाही. पण २०१० च्या आसपास जेमी मॅकमॅहन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक काम केलं, जे मला इंजिनियर म्हणून फार आवडलं. त्यांनी तरंगणारे जीपीएस थेट ओढींमध्ये सोडले. कॅलिफोर्नियात, फ्रान्समध्ये, इंग्लंडमध्ये. तोवर समज असा, की ओढ म्हणजे खोल समुद्रात नेणारा सरळ रस्ता. डेटा आला तर रस्त्याऐवजी मोठे मोठे भोवरे. बहुतेक जीपीएस बाहेर गेले, वळले आणि लाटांबरोबर परत उथळ पाण्यात आले. दहातले आठ-नऊ तिथेच गोल फिरत राहिले. यावरून निघालेला अर्थ असा, की नुसतं तरंगत राहिलं तरी ओढ पुष्कळदा स्वतःच तुम्हाला परत आणते.

'पुष्कळदा' म्हणतोय, 'नेहमी' नाही. ऑस्ट्रेलियात रॉब ब्रँडर हे रिप करंटवाले प्राध्यापक म्हणून प्रसिद्ध आहेत, जांभळा रंग पाण्यात सोडून ओढ दाखवण्याचे त्यांचे व्हिडिओ जरूर बघा. त्यांच्या गटाने जीपीएस लावून खरी माणसं ओढीत उतरवली. काही तरंगत राहिली, काही समांतर पोहली. दोन्ही उपाय बऱ्याचदा चालले, दोन्ही कधीकधी फसले. कधी ओढ भोवऱ्यासारखी फिरवत नाही, थेट बाहेर सोडून देते. कधी समांतर पोहताना तुम्ही नेमके उलट येणाऱ्या प्रवाहाच्या तोंडावर जाता. तसं वाटलं तर दिशा बदलून दुसऱ्या बाजूला जायचं. म्हणून आता सांगतात ते असं: आधी तरंगा, श्वास ताब्यात आणा, हात वर करून मदत मागा, आणि मग दम असेल तर बाजूला सरका. ओढ लाटा फुटतात त्या रेषेच्या थोडं पलीकडे जाऊन विरते. ती तुम्हाला मस्कतला नेत नाही.

इथे माझा एक आक्षेप आहे. हे सगळे सल्ले गृहीत धरतात की माणसाला पोहता येतं. आपल्या किनाऱ्यावर शनिवारी संध्याकाळी उभे राहून बघा. जीन्स घातलेली पोरं, पंजाबी ड्रेस, साडी, खांद्यावर दोन वर्षांचं मूल. यातल्या किती जणांना खोल पाण्यात पाच मिनिटं पाठीवर तरंगता येईल? माझ्या बॅचमधल्या साठ जणांत पोहता येणारे आम्ही नऊ होतो. ज्याला पोहता येत नाही त्याला 'समांतर पोहा' सांगणं म्हणजे लायसन नसलेल्याला घाटात गाडी कशी वळवायची ते सांगणं. त्याची सुटका पाण्यात होत नाही, आधी वाळूवरच व्हावी लागते. १ फेब्रुवारी २०१६ ला मुरूड-जंजिऱ्याच्या किनाऱ्यावर सहलीला आलेले पुण्याच्या कॉलेजचे १४ विद्यार्थी बुडाले. पावसाळा नव्हता, वादळ नव्हतं. आपल्यासारखीच मजेत आलेली पोरं होती.

तर वाळूवर काय करायचं. पोचल्या पोचल्या पाण्याकडे धावायचं नाही. जरा उंच जागा बघायची, रस्त्याकडेची भिंत, पायऱ्या काहीही, आणि दहा मिनिटं नुसतं बघायचं. दहा मिनिटं अशासाठी, की लाटा झुंडीने येतात. मोठ्या लाटांची एक झुंड गेली की मध्ये काही काळ सगळंच शांत दिसतं आणि फसायला होतं. फुटणाऱ्या लाटांच्या पांढऱ्या रेघेत कुठे खंड पडलाय? तिथलं पाणी बाजूच्यापेक्षा गडद किंवा गढूळ आहे? फेस, पाला, एखादी बाटली उलटी, समुद्राकडे चालली आहे? यातलं एक जरी दिसलं तरी ती जागा सोडायची. खडकांना किंवा धक्क्याला लागून असलेलं पाणी तर न बघताच सोडायचं, तिथे ओढ जवळजवळ कायमची मुक्कामाला असते. आणि हे ध्यानात ठेवा की खुणा दिसल्या नाहीत याचा अर्थ ओढ नाही असा होत नाही. पोहता येत नसेल तर पाणी गुडघ्याच्या वर येऊ द्यायचं नाही. कमरेपर्यंत आलं की जमिनीवरची तुमची पकड गेलेली असते, मला विचारा.

गोव्यात २००८ पासून दृष्टी मरीनचे जीवरक्षक किनाऱ्यांवर असतात. लाल-पिवळे झेंडे रोवलेले असतात, त्यांच्या मध्येच उतरायचं. नुसता लाल झेंडा असेल तर उतरायचंच नाही. कोकणातल्या कितीतरी किनाऱ्यांवर मैलभर ना झेंडा ना जीवरक्षक. तिथे स्थानिकांना विचारा. होम-स्टेच्या काकूंना, जाळं विणत बसलेल्या कोळी आजोबांना. 'इथे कुठे उतरायचं नाही?' असा प्रश्न करा. 'इथे पोहलं तर चालेल का' विचारलं की पाहुण्याला नको कशाला म्हणा, म्हणून होच उत्तर मिळतं! आणि जून-जुलैमध्ये तर प्रश्नच नाही. त्या ६१ दिवसांत पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक मासेमारीलाच बंदी असते. ज्यांचं पोट समुद्रावर आहे ते होड्या वर ओढून ठेवतात, नारळी पौर्णिमेला नारळ देऊन मग पुढचं बघतात, आणि आपण रील काढायला उतरतो.

आता माझी राहिलेली गोष्ट. मी पाठीवर पडलो. कानात पाणी, वर आभाळ, छाती धडधडतेय. ओढीने मला लाटांच्या पलीकडे नेलं आणि तिथे जोर सरला. मी हळूहळू डावीकडे, जिथे लाटा फुटत होत्या तिकडे, सरकत राहिलो.

किनाऱ्यावर काय झालं ते मला नंतर कळलं. माझा मित्र, ज्याला माझ्यापेक्षा कमी पोहता येतं, शर्ट न काढताच पाण्यात धावला होता. काकांनी त्याची कॉलर धरून त्याला मागे ओढलं. तो त्यांच्या अंगावर ओरडला, म्हणे एक शिवीही दिली. काकांनी कॉलर सोडली नाही. बुडणारा माणूस जवळ आलेल्याला मिठी मारतो, जीव वाचवण्यासाठी वरच चढतो, त्यात त्याचा दोष नसतो. एकाला काढायला दुसरा, दुसऱ्याला काढायला तिसरा, एकाच घरातले तीन-चार जण गेल्याच्या बातम्या आपण वाचतो त्या अशाच घडतात. उडी मारायची नाही. तरंगणारं काहीतरी फेकायचं: ट्यूब, झाकण लावलेला रिकामा कॅन, फुटबॉल, कूलर बॉक्स. एकाने बुडणाऱ्यावरची नजर हलवायची नाही, दुसऱ्याने ११२ ला किंवा तटरक्षक दलाच्या १५५४ ला फोन करायचा. बाहेर काढलेला माणूस श्वास घेत नसेल तर पोट दाबून पाणी काढत बसायचं नाही, तोंडाने श्वास आणि छातीवर दाब लगेच सुरू करायचा. हे एकदा कुणाकडून तरी प्रत्यक्ष शिकून घ्या, ऐकून येत नाही.

काकांचा पुतण्या ट्रकच्या टायरची ट्यूब घेऊन बाजूच्या लाटांमधून आला, ओढीतून नाही. त्याला वाट माहीत होती. ट्यूब माझ्याकडे ढकलली आणि स्वतः दोन हात लांबच राहिला. 'धर आणि लाथा मार,' एवढंच बोलला. पाच मिनिटांनी माझ्या पायाला वाळू लागली.

टपरीवर बसलो तेव्हा ग्लास हातात धरवत नव्हता. मित्र काकांची माफी मागत होता. मी विचारलं, काका, तिथे पाटी का लावत नाही? ते म्हणाले, 'लावली होती. पण ती फट दर पावसाळ्यात जागा बदलते. पाटी कुठे कुठे हलवू?' मग त्यांनी समुद्राकडे न बघता, लिंबू पिळता पिळता, हाताने दाखवलं. 'यंदा तिथे आहे. तुम्ही उतरलात तिथेच.'